माशीच्या आधीची अळी

ट्राउट नावाचा मासा आपलं बहुतेक जेवण पाण्याखालीच उरकतो. पाण्यातून उसळी मारून उडत्या माशीला गिळणारा ट्राउट फोटोत छान दिसतो, जाहिरातींतही तोच असतो. पण त्याचा रोजचा वरणभात म्हणजे तळाच्या दगडांवरून सुटून प्रवाहाबरोबर वाहत येणारे कीटक, आणि त्यातही कॅडिस नावाच्या कीटकाच्या अळ्या. इंग्लंडमधल्या गळ टाकणाऱ्यांना हे साडेतीनशे वर्षांपूर्वी ठाऊक होतं. या अळीची नक्कल बांधायची युक्तीही तेव्हाच छापून आली होती. तरी त्या नकलेला 'सभ्य' मासेमारीत जागा मिळायला विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला. मधली तीनशे वर्षं अळी तिथेच होती, मासाही तिथेच होता. आडवं काय आलं, ते मला सांगायचंय.

आधी थोडी ओळख. फ्लाय फिशिंग म्हणजे गळाला गांडूळ किंवा कोळंबी न लावता, पिसं, लोकर, केस, तार असं काहीबाही गुंडाळून केलेला खोटा कीटक लावायचा आणि मासा फसवायचा. त्या खोट्या कीटकाला म्हणायचं फ्लाय, म्हणजे माशी, आणि तो तयार करणं म्हणजे माशी बांधणं. (माशाला माशी! मराठीत हे वाक्य बोलताना जीभ अडखळते खरी.) कोकणात ज्याला गरवणं म्हणतात त्याचाच हा एक चुलत प्रकार, पण भलताच सोवळा. मी पुण्यात राहतो. ट्राउटला लागतं थंड पाणी, त्यामुळे तो मला भेटतो तो हिमाचलातल्या तीर्थन नदीत, परवाना काढून, वर्षातून फार तर एकदा. उरलेलं वर्ष मी टेबलावरच्या छोट्या शिकंज्यात गळ अडकवून त्यावर धागे गुंडाळत बसतो. घरच्यांना हे भरतकाम वाटतं, आणि ते फारसं चूकही नाही.

कॅडिस मात्र बघायला हिमाचलात जायची गरज नाही. ताम्हिणीत पावसाळा ओसरल्यावर एखाद्या वाहत्या ओढ्यातला दगड उलटा करा. दगडाला खालून वाळूच्या कणांची बारीक नळी चिकटलेली दिसली, तर ते बहुधा कॅडिसचं घर. या कीटकगणाचं शास्त्रीय नाव ट्रायकॉप्टेरा, म्हणजे केसाळ पंखांचे. फुलपाखरं आणि पतंग हे त्यांचे सगळ्यात जवळचे नातेवाईक, आणि त्यांच्या अळ्यांसारखीच कॅडिसची अळीही तोंडातून रेशीम काढते. फरक इतकाच की ती ते पाण्याखाली वापरते. जगात कॅडिसच्या सोळा हजारांहून जास्त जाती आहेत. काहींच्या अळ्या वाळू, काटक्या, पानांचे तुकडे रेशमाने जोडून अंगाभोवती नळी बांधतात आणि ते घर ओढत फिरतात. काही दगडांच्या फटीत रेशमाची जाळी विणून प्रवाहातून येईल ते गाळून खातात, त्या हायड्रोसायकी. आणि काही घर न बांधता दगडांवर मोकळ्या हिंडून शिकार करतात. त्या ऱ्हायाकोफिला, बऱ्याचदा वाटाण्यासारख्या हिरव्या. पुढे अळीचा कोष होतो, कोषातला कीटक पाण्यातून वर येतो आणि पंख पसरून उडून जातो. हवेतलं आयुष्य थोड्या दिवसांचं. पाण्याखालचं कितीतरी महिन्यांचं.

आता १६५३ सालात जाऊ. इंग्लंडच्या राजाचं मुंडकं उडवून चार वर्षं झालेली, क्रॉमवेलचं राज्य. लंडनमध्ये कापडाचा धंदा केलेला, मनाने राजाच्या बाजूचा आयझॅक वॉल्टन नावाचा साठीचा गृहस्थ 'द कंप्लीट अँग्लर' हे पुस्तक छापतो. त्यात कॅडिसवर त्याने जीव ओतून लिहिलंय. बोरूच्या तुकड्यात राहणारी अळी म्हणजे पायपर. कोंबड्याच्या पायाच्या काट्यासारखं टोकदार घर करणारी कॉकस्पर. गवत आणि लव्हाळ्याचे तुकडे जोडणारी स्ट्रॉ-वर्म. ही नावं कुठल्या प्राध्यापकाने दिलेली नाहीत. ओढ्याकाठच्या लोकांची आहेत. वेगवेगळ्या परगण्यांत वेगवेगळ्या कॅडिस असतात आणि या अळ्यांच्याच पुढे माश्या होतात, हेही तो सांगतो. पण त्याच्यासाठी अळी म्हणजे आमिष. घरातून ओढून काढायची आणि गळाला टोचायची.

नऊ वर्षांनी, १६६२ मध्ये, रॉबर्ट व्हेनेबल्सचं 'दि एक्सपीरियन्स्ड अँग्लर' आलं. हा माणूस वॉल्टनच्या अगदी विरुद्ध गोटातला. क्रॉमवेलचा सेनानी. १६५५ मध्ये वेस्ट इंडीजच्या मोहिमेत याने हिस्पॅनिओला बेटावर सपाटून मार खाल्ला, मग जमैका घेतलं, आणि परत आल्यावर क्रॉमवेलने त्याला टॉवर ऑफ लंडनमध्ये टाकलं. तुरुंगातून सुटून हा मासे धरत बसला. त्याच्या पुस्तकात कॅडिसच्या अळीची नक्कल करायची कृती आहे: काळ्या रेशमाचं डोकं आणि पिवळ्या मेणाचं अंग. आमिष तळाशी जावं म्हणून गळाच्या दांडीवर शिशाची बारीक पट्टी चढवायचा सल्लाही आहे. आजच्या कुठल्याही अळी-माशीचा नकाशा हाच: गडद डोकं, फिकट अंग आणि पोटात दडवलेलं वजन. वॉल्टनने या पुस्तकासाठी कौतुकाचं पत्र लिहून दिलं होतं. राजाचा माणूस आणि राजाच्या शत्रूचा सेनानी एका अळीपाशी एकत्र आले, हे मला त्या सगळ्या यादवी युद्धाच्या इतिहासातलं फार लाडकं पान वाटतं.

म्हणजे युक्ती १६६२ मध्येच छापलेली होती. मग अडलं कुठे?

अडलं वजनाशी. तळाशी जायचं तर जड व्हावं लागतं, आणि जड गळ म्हणजे गांडूळवाल्यांचा गळ, पोटासाठी मासे धरणाऱ्यांचा. एकोणिसाव्या शतकात दक्षिण इंग्लंडच्या टेस्ट आणि इचेन या नद्या श्रीमंतांच्या झाल्या. खडूच्या खडकातून झिरपलेलं आरशासारखं पाणी, लंडनहून रेल्वेने काही तासांचा प्रवास, आणि क्लबांनी भाड्याने घेतलेले काठ. तिथे फ्रेडरिक हॅलफर्ड या सुखवस्तू गृहस्थाने १८८६ मध्ये 'फ्लोटिंग फ्लाइज अँड हाउ टू ड्रेस देम' आणि तीन वर्षांनी त्याच्या पुढचं पुस्तक लिहून तरंगत्या माशीचं शास्त्र मांडलं. वर येऊन खाणारा मासा आधी डोळ्यांनी शोधायचा, मग त्याच्या वरच्या अंगाला कोरडी माशी अलगद टाकायची. हॅलफर्डचं निरीक्षण उत्तम होतं आणि त्याची पुस्तकं वाचताना आजही मजा येते. पण त्याच्या अनुयायांनी त्या शास्त्राचं सोवळं केलं. पाण्याखाली माशी टाकणारा म्हणजे पंगतीत बूट घालून आलेला माणूस. हॅलफर्डच्या यादीत कॅडिस नव्हती असं नाही. होती, पण पंख फुटलेली, हवेतली. तिथे तिला सेज म्हणतात. पंख फुटले की पंगतीत पान, अळी असेपर्यंत दाराबाहेर. ओळखीचं वाटतं ना?

या सोवळ्याला पहिला धक्का दिला एका चमच्याने. जी. ई. एम. स्क्यूज हा लंडनचा वकील. पकडलेल्या माशाच्या पोटात मॅरो स्पून, म्हणजे नळीच्या हाडातला मगज काढायचा लांबट चमचा, घालून तो आतला ऐवज बाहेर काढायचा आणि पाण्याच्या पांढऱ्या बशीत सोडून बघायचा. मासा वर येऊन माशा खातोय असं काठावरून वाटत असताना बशीत निघायचे ते पंख न फुटलेले जीव. वकिलाला पुरावा मिळाला. १९१० मध्ये त्याने 'मायनर टॅक्टिक्स ऑफ द चॉक स्ट्रीम' लिहिलं आणि मग आयुष्यभर भांडला. १० फेब्रुवारी १९३८ ला लंडनच्या फ्लायफिशर्स क्लबात या विषयावर रीतसर वादसभा झाली. ऐंशीच्या उंबरठ्यावरचा स्क्यूज एका बाजूला, आणि कोरड्या माशीची बाजू लढवणाऱ्यांत सर जोसेफ बॉल, जे एरवी हेरखातं आणि हुजूर पक्षाचं राजकारण यांत मुरलेले. युरोपात युद्धाचे ढग जमत असताना शहाणीसुरती माणसं याच्यावर भांडत होती. मला ते हास्यास्पद वाटत नाही. काय सभ्य आणि काय असभ्य हे ठरवायचा हक्क कोणाकडे, हा प्रश्न छोट्या जागीही तितकाच कडू असतो.

पण स्क्यूजची मजलही निम्फपर्यंतच गेली. निम्फ म्हणजे मेफ्लायचं पाण्यातलं पिल्लू. त्याला पाय, शेपट्या, पंखांच्या कळ्या असतात; ते पुढे काय होणार हे त्याच्याकडे बघून कळतं. कॅडिसची अळी म्हणजे निव्वळ अळी. तिची नक्कल केली तर ती गांडुळाची नक्कल वाटणार. त्यामुळे निम्फ आत आली, तरी अळी बाहेरच राहिली.

तिला आत आणलं ते क्लबाच्या सभासदांनी नाही. विल्टशरमध्ये एव्हन नदीवर फ्रँक सॉयर नावाचा राखणदार होता. नदी दुसऱ्यांची, याचं काम ती सांभाळायचं: शेवाळ काप, गाळ उपस, नको ते मासे काढ. हा माणूस सभासदांपेक्षा कितीतरी जास्त तास पाण्यात उभा असायचा. १९५८ मध्ये आलेल्या 'निम्फ्स अँड द ट्राउट' या पुस्तकाने तो जगभर पोचला. त्याने माशीतून धागाच काढून टाकला. त्याऐवजी तांब्याची बारीक तार: बांधणारीही तीच आणि बुडवणारीही तीच. त्याची किलर बग नावाची माशी तर इतकी साधी की बघून हसू येतं. गळावर तारेचे वेढे, त्यावर मोजे रफू करायची लोकर, संपलं. लोकर मात्र एकच: चॅडविक कंपनीची ४७७ नंबरची. कोरडी असताना मळकट तपकिरी, भिजली की कातडीसारखी गुलाबीसर. ती गोड्या पाण्यातल्या झिंग्यासारखी दिसते असं कोणी म्हणतात, कोणी कॅडिसच्या अळीसारखी. माशाला त्या वादात रस नसावा. कंपनीने पुढे ती लोकर बंद केली, आणि आज तिची जुनी कार्डं संग्राहक मंडळी भारी पैसे मोजून विकत घेतात.

अमेरिकेत साधारण तेच झालं. १९६० च्या दशकात कोलोरॅडोतल्या साउथ प्लॅट नदीवर ब्रासी नावाची माशी निघाली. गळावर नुसती तांब्याची तार ओळीने गुंडाळायची आणि डोक्याशी थोडा गडद केसांचा पुंजका. इवल्याशा अळीचं वळ्यावळ्यांचं अंग तारेच्या वेढ्यांतून आपोआप तयार होतं. मग मोंटानात गॅरी लाफाँटेनने नदीच्या तळाशी बुडी मारून, पाण्याखाली श्वास घेत, मासे नक्की काय आणि कसं खातात ते पाहिलं. त्याचं 'कॅडिसफ्लाइज' हे जाडजूड पुस्तक १९८१ चं. वर येणाऱ्या कोषाभोवतीची चकाकी दाखवायला त्याने वापरला अँट्रॉन, म्हणजे ड्यूपाँट कंपनीने गालिचांसाठी काढलेला धागा. कोषाभोवती खरोखर हवेचे बुडबुडे असतात का यावर नंतर बरेच वाद झाले. चकाकीला मासे लागतात यावर झाले नाहीत.

आणि शेवटचा धक्का पूर्वेकडून आला. फ्लाय फिशिंगच्या जागतिक स्पर्धा १९८१ मध्ये सुरू झाल्या. त्याच दशकात पोलंड आणि चेकोस्लोव्हाकियाच्या संघांनी अशा माश्या आणल्या की पश्चिमेकडचे बघत राहिले. या स्पर्धांत दोरीला वेगळं वजन बांधायला मनाई असते. जे वजन असेल ते माशीच्या अंगातच हवं. आता अंगात शिसं लपवायला सगळ्यात सोयीचा आकार कुठला? गुबगुबीत, वाकडी अळी! पाठीमागे वळलेला गळ, आत शिशाची तार, वर हिरवी किंवा मातकट लोकर, पाठीवर पारदर्शक प्लास्टिकची पट्टी. पोलंडवाले तर दोन रंगांचे धागे गाठी मारत विणायचे, पाठ गडद आणि पोट फिकट. अशा दोन-तीन माश्या एका दोरीला लावून काठीच्या अगदी टोकाखाली, तळाला घासत न्यायच्या. लांब, डौलदार फेक वगैरे काही नाही. दिसायला हे बरंचसं ओढ्यात खेकडे धरण्यासारखं दिसतं. पण मासे मिळत होते, आणि स्पर्धेत मासे मोजतात, डौल मोजत नाहीत. सव्वातीनशे वर्षांपूर्वीची व्हेनेबल्सची शिशाची पट्टी या वाटेने परत आली. आज शिशाची जागा टंगस्टनच्या मण्यांनी घेतली आहे. टंगस्टनची घनता शिशाच्या जवळपास पावणेदोन पट, त्यामुळे छोटी माशीही झटकन तळ गाठते. आणि शिसं खाल्लेल्या हंसांना विषबाधा होते म्हणून ब्रिटनने १९८७ पासून गळाच्या बहुतेक छोट्या शिशांवर बंदीही घातली.

ही अळी मी कशी बांधतो ते सांगतो, कारण इतिहास हातात आल्याशिवाय पटत नाही. गळाचे नंबर उलटे चालतात: नंबर मोठा तर गळ लहान. अठरा नंबरचा गळ म्हणजे शिजलेल्या भाताच्या शितापेक्षा फार मोठा नाही. त्याच्यावर आधी टंगस्टनचा मणी ओवायचा आणि गळ शिकंज्यात पकडायचा. धागा मण्यामागून सुरू करून वळणापर्यंत न्यायचा, आणि केसाएवढी तांब्याची तार तिथेच अडकवून मोकळी सोडायची. आता हिरवी लोकर. ती थेट गुंडाळली तर अळीचा सुरवंट होतो. चिमटीत बसतील त्याहून कमी तंतू घ्यायचे आणि मेण लावलेल्या धाग्यावर एकाच दिशेने वळायचे. माझी आजी समईच्या वाती ज्या हाताने वळायची, तीच ही हालचाल. अंगठा पुढे, तर्जनी मागे. त्या वळलेल्या धाग्याचे वेढे पुढे आणायचे, मग मघाची तार उलट्या दिशेने गुंडाळायची म्हणजे वळ्या उठतात. मण्यामागे सशाचे काळपट केस चिमूटभर, हे झाले पाय आणि छाती. सुईने दोन-चार केस बाहेर ओढायचे. गाठ मारायची, धागा कापायचा. अठरा नंबरच्या माशीत सगळी गंमत न घालण्यात आहे. नवशिक्याची माशी नेहमी जाड होते, कारण प्रत्येक गोष्ट घालावीशी वाटते.

हे यंत्रावर होत नाही. दुकानातली प्रत्येक माशी कोणीतरी हाताने बांधलेली असते. आणि ते कोणीतरी आज बहुतेक वेळा केनिया, थायलंड किंवा श्रीलंकेतल्या कारखान्यात बसलेलं असतं, जिथे शेजारच्या नदीत ट्राउट असेलच असं नाही. आपलाही यात हात आहे. कित्येक वर्षं माशी बांधणाऱ्यांच्या पेटीत 'इंडियन नेक', म्हणजे भारतीय कोंबड्यांच्या मानेची पिसं, हा स्वस्त आणि हमखास माल असायचा. सह्याद्रीतल्या राखी रानकोंबड्याच्या मानेची ठिपकेदार पिसं तर सॅमनच्या माश्यांसाठी इतकी खपली की शेवटी भारताला त्यांची निर्यात थांबवावी लागली.

खुद्द ट्राउट भारतात आला तो साहेबाच्या हौसेपायी. काश्मीरसाठी विलायतेहून निघालेली माशांच्या अंड्यांची पहिली खेप वाटेतच मेली. १९०० ची दुसरी खेप जगली. ती वाढवण्यात पुढाकार होता फ्रँक मिचेल या श्रीनगरच्या गालिचा कारखानदाराचा. (गालिचे आणि ट्राउट यांचं काय नातं आहे कोण जाणे, लाफाँटेनचा धागाही तिथलाच.) मासा आला, त्याच्या मागोमाग काठी, दोरी आणि विलायती माश्यांच्या डब्या आल्या. कॅडिस मात्र आणावी लागली नाही. ती हिमालयात आणि सह्याद्रीत आधीपासून होती, फक्त तिची नोंद नव्हती. ती पुढे बरीचशी केली मार्टिन मोस्ली यांनी, आणि हे मोस्ली म्हणजे लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियममध्ये कॅडिसवर काम करणारे, स्वतः पट्टीचे ड्राय फ्लायवाले. भारतीय कॅडिसवरची त्यांची लेखमाला १९३३ पासून मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या जर्नलमध्ये छापून आली. पण ते सगळं वर्णन प्रामुख्याने पंख फुटलेल्या कीटकांचं. कॅडिसच्या जाती ओळखतात त्या प्रौढ नराच्या अवयवांवरून, त्यामुळे कुठली अळी कुठल्या माशीची हे जुळवायचं तर अळी जिवंत ठेवून वाढवावी लागते किंवा डीएनए तपासावा लागतो. भारतातल्या बहुसंख्य जातींच्या बाबतीत ते काम अजून बाकी आहे. शास्त्रातही अळीचा नंबर मागचाच.

तीर्थनच्या दगडांखाली मला सापडते ती अळी पुस्तकातल्यासारखी हिरवीगार नाही. पोट शेवाळी, पाठ चहाच्या चोथ्यासारखी. ऑनलाइन मागवलेल्या आयात लोकरीत तो रंग कुठेच नव्हता. तुळशीबागेत एका दुकानदाराने लहान मुलांच्या स्वेटरच्या उरलेल्या लडींचा ढीग समोर टाकला, त्यात मिळाला. वीस रुपयांना एक लडी. अठरा नंबरच्या माश्यांना ती मला जन्मभर पुरेल, तरी मी दोन घेतल्या.